फेलिसिटी केंडल भारतात वाढली, मग हिंदी सिनेमात का आली नाही?

तुम्ही दोन प्रश्न एकत्र विचारलेत. ब्रिटिश टीव्हीवरच्या 'द गुड लाइफ' मालिकेतली फेलिसिटी केंडल खरंच शशी कपूर यांची मेहुणी का, आणि ती जर भारतात वाढली तर इकडच्या सिनेमात का दिसली नाही? पहिल्याचं उत्तर: हो, सख्खी मेहुणी. जेनिफर केंडल-कपूरची धाकटी बहीण, म्हणजे कुणाल, करण आणि संजना यांची मावशी. दुसऱ्याचं उत्तर द्यायचं तर तिच्या वडिलांपासून सुरुवात करावी लागेल.

वडील जेफ्री. मूळ आडनाव ब्रॅग. जन्म इंग्लंडच्या उत्तरेकडच्या केंडल गावचा, आणि नट झाल्यावर त्यांनी गावाचंच नाव आडनाव म्हणून लावलं. (आपण निदान 'कर' तरी जोडतो!) बायको लॉरा लिडेल, तीही नटी. दुसऱ्या महायुद्धात सैनिकांसाठी नाटकं करायला ही मंडळी भारतात आली आणि देशाच्या अशी काही प्रेमात पडली की युद्ध संपल्यावर स्वतःची कंपनी घेऊन परत आली. कंपनीचं नाव 'शेक्सपिअराना'. आज एखाद्या संस्थानिकापुढे ऑथेल्लो, उद्या एखाद्या शाळेच्या हॉलमध्ये 'मर्चंट ऑफ व्हेनिस'. कपडेपटाच्या पेट्या, मोजकी माणसं, आणि एकेकाच्या वाट्याला तीन-तीन भूमिका. आपल्या जुन्या संगीत नाटक मंडळ्यांबद्दल ज्यांनी वाचलंय त्यांना हे बिऱ्हाड लगेच ओळखीचं वाटेल. फरक एवढाच, की ही मंडळी मुख्यतः शेक्सपिअर करत आणि ते इंग्रजीतच करत. उत्पल दत्त याच कंपनीत तयार झाले.

फेलिसिटीचा जन्म २५ सप्टेंबर १९४६चा, इंग्लंडमधल्या ओल्टनचा. नऊ महिन्यांची असताना तिला पहिल्यांदा रंगमंचावर नेलं. 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये पऱ्यांचे राजा-राणी ज्या मुलावरून भांडतात, ते मूल ही. पुढे सात वर्षांची असताना कुटुंब पुन्हा भारतात आलं ते राहायलाच. मग गावोगावच्या कॉन्व्हेंट शाळा आणि कंपनीत पडेल ते काम. सतराव्या वर्षी कलकत्त्यात टायफॉइड झाला आणि शाळा जी सुटली ती सुटलीच. नाट्यशाळा वगैरे तिनं कधी पाहिली नाही.

माझ्या मते तिच्या विनोदाचं मूळ इथेच आहे. शाळकरी पोरांसमोर शेक्सपिअर करणं म्हणजे चेष्टा नव्हे. मास्तरांनी रांगेत आणून बसवलेली शे-दोनशे मुलं. त्यातल्या निम्म्यांना भाषा नीट कळत नाही, आणि कंटाळा आला की ती लपवत नाहीत. 'ऑथेल्लो'ची नायिका डेस्डिमोना मरताना एक जण फिस्सकन हसला की सगळा हॉल हसतो. अशा प्रेक्षकांपुढे वाढलेल्या नटीला हशा कधी येणार, तो किती वेळ पिकू द्यायचा आणि पुढचं वाक्य कधी टाकायचं हे शिकवावं लागत नाही. पुढे इंग्रज लोक तिच्या अभिनयाला 'गोड', 'सहज' असं म्हणत राहिले. मला त्यात सहज असं काही दिसत नाही. कंपनीत मुरलेल्या माणसाची ती सफाई आहे.

आता शशी कपूर. १९५६ साली कलकत्त्यात पृथ्वी थिएटर्स आणि शेक्सपिअराना या दोन्ही कंपन्यांचा मुक्काम होता. जेनिफर 'टेम्पेस्ट'मध्ये मिरांडा करत होती, शशी वडिलांच्या कंपनीत होता. दोघांची गाठ तिथे पडली. १९५८मध्ये लग्न झालं. जेफ्रींना ते अजिबात रुचलं नाही. जावयापेक्षा कंपनीची नायिका जातेय याचंच दुःख जास्त, असं हे प्रकरण होतं. थोरली गेल्यावर नायिकांच्या भूमिका हळूहळू धाकटीकडे आल्या.

पुढे १९६५ साली 'शेक्सपिअर वाला' आला. इस्माइल मर्चंट निर्माते, जेम्स आयव्हरी दिग्दर्शक, पटकथेत रूथ प्रवर झाबवाला, छायाचित्रण सुब्रत मित्र यांचं आणि संगीत चक्क सत्यजित राय यांचं. बजेट इतकं तुटपुंजं की रंगीत फिल्म परवडली नाही. कथा केंडल कुटुंबावरच बेतलेली: भारतात फिरणारी इंग्रजी नाटक कंपनी, तिचे आटत चाललेले प्रयोग, कंपनीच्या मालकाची मुलगी लिझी आणि तिच्यावर भाळलेला श्रीमंत संजू. लिझी फेलिसिटी, संजू शशी. म्हणजे पडद्यावरचे प्रेमिक प्रत्यक्षात मेहुणी आणि भावोजी! आईवडिलांच्या भूमिकांत खरे आईवडील, आणि एका छोट्या भूमिकेत जेनिफरही.

त्यातला एक प्रसंग तुमच्या दुसऱ्या प्रश्नाच्या अगदी जवळ जातो. 'ऑथेल्लो'चा प्रयोग ऐन रंगात आला आहे आणि हिंदी सिनेमाची नटी मंजुळा, म्हणजे मधुर जाफरी, उशिरा येऊन बॉक्समध्ये बसते. रंगमंचावर नायिकेचा जीव जायची वेळ आणि प्रेक्षकांच्या माना वळलेल्या बॉक्सकडे. सह्या घ्यायला झुंबड, फोटो, कुजबुज. मंजुळा हे सगळं ज्या थाटात करून घेते ते बघण्यासारखं आहे. मधुर जाफरीला बर्लिनच्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला तो याच चित्रपटासाठी. जेफ्रींना मात्र चित्रपट आवडला नाही. आपली कंपनी अशी दीनवाणी कधीच नव्हती, हे त्यांचं म्हणणं. मला दोन्ही बाजू पटतात. कंपनीचे दिवस भरत आले होते हे खरं, आणि ते त्याच माणसाला त्याच्याच तोंडून बोलायला लावणं थोडं क्रूर होतं हेही खरं.

चित्रपटाच्या शेवटी लिझी बोटीनं इंग्लंडला जाते. फेलिसिटीही गेली. तिकडे कुणी हारतुरे घेऊन उभं नव्हतं. टीव्हीवर किरकोळ कामं मिळाली, त्यातलं एक थोर इंग्रज नट जॉन गिलगुड यांच्याबरोबर. १९६७मध्ये लंडनच्या रंगभूमीवर पाऊल पडलं. कलाटणी मिळाली १९७४ साली, नाटककार ॲलन एकबर्न यांच्या 'द नॉर्मन काँक्वेस्ट्स'मध्ये. एकाच घरातला एकच वीकएंड तीन नाटकांतून, घराच्या तीन वेगवेगळ्या भागांतून दाखवणारा हा अफलातून प्रकार. तिच्याबरोबर पेनेलोपी कीथ होती. रिचर्ड ब्रायर्सनं ते पाहिलं आणि बीबीसीच्या नव्या मालिकेसाठी दोघींचीही निवड झाली. मालिकेत आधीपासून नाव असलेला नट म्हणजे तोच.

'द गुड लाइफ' १९७५ ते १९७८ अशी चालली. टॉम गुड चाळिशीला पोचतो. न्याहारीच्या सीरियलच्या (कॉर्नफ्लेक्स वगैरे) खोक्यात फुकट मिळतात ती प्लास्टिकची खेळणी डिझाइन करण्यात आयुष्य चाललंय हे त्याला असह्य होतं आणि तो नोकरी सोडतो. लंडनच्या सर्बिटन उपनगरातल्या आपल्या नीटनेटक्या बंगल्याचं अंगण खणून तो भाज्या लावतो; डुकरं, कोंबड्या, जेराल्डीन नावाची शेळी पाळतो. कोंबड्याचं नाव लेनिन! बायको बार्बरा म्हणजे फेलिसिटी. शेजारी मार्गो आणि जेरी लेडबेटर, एकदम उच्चभ्रू. मार्गो पेनेलोपी कीथ आणि जेरी पॉल एडिंग्टन, जो आपल्याला नंतर 'येस मिनिस्टर'मधला मंत्री म्हणून माहीत झाला.

लेखक एस्मंड आणि लार्बी यांनी चांगली वाक्यं मार्गोला दिलीत. नवऱ्याच्या झपाट्यात सामील होणारी हसतमुख बायको ही भूमिका तशी कागदावर फिकीच. ब्रायर्सला स्वतःला टॉम स्वार्थी वाटायचा, आणि नीट बघितलं तर तो आहेच. फेलिसिटीनं बार्बराला वाचवलं ते ऐकण्यातून. १९७७चा ख्रिसमसचा भाग घ्या. मार्गोनं दुकानातून अख्खा ख्रिसमस मागवलाय: झाड, खाणं, सगळं एकाच गाडीतून. झाड सांगितल्यापेक्षा काही इंच आखूड भरतं म्हणून बाई ते परत पाठवतात, आणि झाडाबरोबर सगळाच माल परत जातो. ऐन सणाला घरात काही नाही, म्हणून लेडबेटर दांपत्य गुड यांच्याकडे जेवायला. तिथे कागदाच्या टोप्या वर्तमानपत्राच्या केलेल्या. मार्गोला तेही चालेल, पण टोपी 'डेली मिरर'सारख्या कामगारवर्गाच्या पेपरची? छे! हशा सगळा पेनेलोपी कीथला. पण त्या वेळी बार्बराच्या चेहऱ्याकडे बघा. तिला हसू येतंय, मार्गोची दयाही येतेय, आणि पाहुणीचा अपमान होऊ नये म्हणून ती दोन्ही गिळतेय. तिकडे कॅमेरा फार वेळ थांबत नाही, तरी ती काम सोडत नाही. मालिकेचा शेवटचा भाग १९७८मध्ये खुद्द राणी एलिझाबेथसमोर झाला.

या लोकप्रियतेचा जाचही झाला. वर्तमानपत्रांना तिच्या अभिनयापेक्षा तिच्या दिसण्यात रस. १९८१ साली तर तिला 'रिअर ऑफ द इयर' (वर्षातला सर्वोत्तम पार्श्वभाग!) असा एक चावट किताब देऊन झाला. पुढच्या पिढीच्या 'द यंग वन्स' या दंगेखोर मालिकेत 'द गुड लाइफ'च्या गुळमटपणावर एक पात्र अक्षरशः तुटून पडतं आणि फेलिसिटीला पाकात घोळून काढतं. मला तो राग समजतो. पण तो मालिकेच्या प्रतिमेवरचा आहे, तिच्या कामावरचा नाही. लेखिका कार्ला लेनच्या 'सोलो' आणि 'द मिस्ट्रेस' या मालिकांत तिनं ती प्रतिमा मोडायचा प्रयत्न केला. पहिलीत नवऱ्यासारख्या राहणाऱ्या प्रियकराला घराबाहेर काढणारी बाई, दुसरीत विवाहित पुरुषाशी संबंध असलेली. ठीक आहेत, याहून जास्त मी म्हणणार नाही.

खरी झेप रंगभूमीवर होती. १९७९ साली नॅशनल थिएटरच्या 'अमाडेअस'मध्ये ती संगीतकार मोझार्टची बायको होती, आणि पॉल स्कोफिल्ड त्याचा प्रतिस्पर्धी सालिएरी. १९८९मध्ये 'मच अडू अबाउट नथिंग'मध्ये बिअ‍ॅट्रिस. ज्या शेक्सपिअरवर बाप जगला त्याच्याच सगळ्यात तिखट जिभेच्या नायिकेसाठी, आणि चेकॉव्हच्या 'इवानोव्ह'साठी, तिला लंडनच्या 'इव्हनिंग स्टँडर्ड' वर्तमानपत्राचा नाट्यपुरस्कार मिळाला. आणि टॉम स्टॉपर्डची नाटकं: 'द रिअल थिंग', 'हॅपगुड', 'आर्केडिया', 'इंडियन इंक'. स्टॉपर्डचंही बालपण युद्धकाळात दार्जिलिंगमध्ये गेलेलं. तो १९४६ला भारत सोडून गेला, त्याच वर्षी ही जन्मली. 'इंडियन इंक' (१९९५) मध्ये १९३०च्या भारतात आलेली इंग्रज कवयित्री तिनं केली. स्टॉपर्डला भारताची आठवण होती, हिला तर सवय होती.

तर मग हिंदी सिनेमा का नाही? एक तर इंग्रजी सिनेमातही ती फारशी नाही. ती रंगमंचाची आणि टीव्हीची नटी, पडद्याचं तिला वेड दिसत नाही. दुसरं, १९६५च्या हिंदी सिनेमात गोऱ्या मुलीला काय मिळालं असतं? जेनिफरचंच उदाहरण घ्या. मुंबईत राहणारी, कपूरांची सून, कसलेली अभिनेत्री. तिच्या नावावर मोजके चित्रपट आहेत, आणि त्यांतली खरी मोठी भूमिका '३६ चौरंगी लेन'ची (१९८१), तोही इंग्रजी चित्रपट. त्यासाठी तिला बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट पुरस्काराचं नामांकन मिळालं. कपूरांच्या घरात राहून जेनिफरला एवढंच मिळालं, तर धाकटीनं कशाच्या आशेवर थांबायचं? शिवाय वडिलांच्या कंपनीतून बाहेर पडणं हाच तिच्यापुढचा मोठा प्रश्न होता. पुढे ते अर्धांगवायूनं अंथरुणाला खिळले असतानाच्या भेटी आणि भारतातल्या आठवणी गुंफून तिनं 'व्हाइट कार्गो' हे आत्मकथन लिहिलं. ते १९९८चं, वडीलही त्याच वर्षी गेले. कंपनी सोडण्यावरून झालेलं बाप-लेकीचं भांडण त्यात प्रेमानं मांडलंय.

केंडल घराण्याचा मुंबईवरचा ठसा मात्र जेनिफरचा. जुहूचं पृथ्वी थिएटर तिनं आणि शशीनं १९७८मध्ये उभं केलं, आणि तिथला पहिला प्रयोग गो. पु. देशपांडे यांच्या 'उद्ध्वस्त धर्मशाळा'चा, नसीरुद्दीन शाह आणि ओम पुरी यांचा. म्हणजे शेक्सपिअरवाल्याच्या मुलीच्या थिएटरचा पडदा मराठी नाटककाराच्या नाटकानं उघडला. जेनिफर १९८४मध्ये कर्करोगानं गेली.

बघायला कुठून सुरुवात करायची म्हणाल तर आधी 'द गुड लाइफ'चा तो ख्रिसमसचा भाग, मग 'शेक्सपिअर वाला', आणि दोन्ही आवडले तर पुस्तक. नंतरची 'रोझमेरी अँड थाइम' ही बागकाम करता करता खून शोधणाऱ्या दोन बायकांची मालिका जेवताना लावून ठेवायला बरी आहे.