१९०८ च्या ऑलिम्पिकमधला सुवर्णविजेता रोवर (वल्हवण्याच्या शर्यतींतला खेळाडू) एफ. एस. केली पहिल्या महायुद्धात कसा मारला गेला? तो एकेरीत जिंकला होता का?

१३ नोव्हेंबर १९१६ ला, सॉमच्या लढाईच्या अगदी शेवटी, फ्रान्समधल्या बोकूर गावाजवळ जर्मन मशीनगनच्या ठाण्यावर चाल करून जाताना केली मारला गेला; वय ३५. कबर जवळच्याच मार्टिनसार्टच्या ब्रिटिश दफनभूमीत आहे. रॉयल नेव्हल डिव्हिजनच्या हूड बटालियनमध्ये तो अधिकारी होता. नाव नौदलाचं असलं तरी हे लोक खंदकातच लढत, त्यामुळे तो बोटीवर मेला असं समजणं चूक. त्याआधी तुर्कस्तानातल्या गॅलिपोलीच्या मोहिमेत तो जखमी झाला होता आणि तिथल्या कामगिरीसाठी त्याला डीएससी (डिस्टिंग्विश्ड सर्व्हिस क्रॉस) हे शौर्यपदकही मिळालं होतं.

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर: नाही. ऑलिम्पिकचं सुवर्ण लिअँडर क्लबच्या आठ जणांच्या बोटीतलं. त्यात प्रत्येकाकडे एकच वल्हं असतं. एकेरीत, म्हणजे दोन्ही हातांत एकेक वल्हं घेऊन, त्याने इंग्लंडमधल्या हेन्लीची डायमंड स्कल्स ही एकेरी शर्यत १९०२, १९०३ आणि १९०५ ला जिंकली. १९०५ ची वेळ ८ मिनिटं १० सेकंद. अंतर १ मैल ५५० यार्ड, म्हणजे साधारण २,११२ मीटर. हा विक्रम तीस वर्षांहून जास्त टिकला, आणि माझ्या मते सुवर्णापेक्षा हाच मोठा.

ऑलिम्पिकच्या त्या बोटीचा सुकाणूवाला गिलक्रिस्ट मॅक्लॅगनही याच युद्धात, १९१५ मध्ये बेल्जियममधल्या ईप्रजवळ मारला गेला.

एक मात्र लक्षात ठेवा: संगीताच्या पुस्तकांत केली सापडतो तो संगीतकार म्हणून. रूपर्ट ब्रूक या कवीच्या दफनाला तो ग्रीसच्या स्कायरॉस बेटावर हजर होता, आणि त्याच्या स्मरणार्थ त्याने तंतुवाद्यांसाठी शोकगीत रचलं. माणूस एकच.