घरगल्लीत कलेचं काम करायचंय ना?

गिरगावात दोन चाळींच्या पाठी जी अंधारी फट असते, ती घरगल्ली. फोटोत झकास दिसते, म्हणून लगेच रंगाचे डबे घेऊन घुसू नकोस. आधी आठवडाभर नुसतं बघ. ऊन येतं ते भर दुपारी, तेही मोजकी मिनिटं. कुठल्या भिंतीवर पडतं ते तुझं तुलाच टिपावं लागेल.

मोऱ्यांच्या पाइपांमुळे भिंती बारा महिने ओल्या. माझं पहिलं काम ॲक्रिलिकमध्ये होतं. तीन आठवड्यांत फुगे धरले, पापुद्रे सुटले. तेव्हापासून मी साधा चुना वापरतो. तो ओल अडवून धरत नाही, आणि उडाला तरी वाईट दिसत नाही. कागद लावणार असशील तर खळ नको, उंदीर खातात. (हो, कलाकृतीसुद्धा.)

परवानगी चाळकमिटीची घे, पण खरी ओळख सकाळी गल्ली झाडणाऱ्याशी कर. या गल्ल्या मुळात मैला उचलणाऱ्यांच्या ये-जा करण्यासाठी होत्या. पालिकेच्या जुन्या कागदांत या कामगारांना हलालखोर म्हटलंय. हे ठाऊक नसताना तिथे 'विस्मृत अवकाश' वगैरे पाटी लावणं मला तरी खटकतं. जो रोज तिथे झाडू मारतो, त्याला ती कसली विस्मृत?

गमबूट घाल. पायाला जखम असेल तर जाऊच नकोस, लेप्टो (उंदरांच्या मुतातून जखमेवाटे होणारा ताप) म्हणजे चेष्टा नाही. आणि वरून पाणी पडतं, कधी पाण्याहून वाईट. खालून हाक मारूनच आत शिर.