शेड विकली, मग पीएफची थकबाकी कोणाची?

प्रश्न : अंबड एमआयडीसीत आमचं छोटं फॅब्रिकेशन युनिट होतं, पंचवीस-तीस माणसं. २०१८-१९ मध्ये काम बसलं तेव्हा काही महिने पीएफ भरायचा राहिला, कामगारांच्या पगारातून कापला होता पण भरला गेला नाही. २०२१ मध्ये शेड मशिनसकट विकली, घेणाऱ्याने आमची निम्मी माणसंही ठेवून घेतली. मागची-पुढची सगळी देणी त्याची असं करारात लिहिलंय. आता पीएफ ऑफिसची ७-एची, म्हणजे थकबाकी ठरवायच्या चौकशीची, नोटीस माझ्या नावाने आलीये आणि तो म्हणतो तुमच्या काळातलं तुम्ही निस्तरा. मी तर विकून मोकळा झालो ना? – एक वाचक, नाशिक

उत्तर : नाही झालात. करारातली ती ओळ तुमच्या दोघांपुरती, पीएफ ऑफिसला तिच्याशी काही देणंघेणं नाही. १९५२ च्या पीएफ कायद्यात १७-बी हे कलम खास याच गोष्टीसाठी आहे, धंदा विका, बक्षीस द्या की भाड्याने द्या, हस्तांतराच्या तारखेपर्यंतच्या थकबाकीला जुना मालक आणि नवा मालक दोघंही जबाबदार, एकत्र आणि वेगवेगळेसुद्धा. म्हणजे ऑफिस पूर्ण रक्कम एकट्या तुमच्याकडूनही मागू शकतं. नव्या मालकाला एक मर्यादा आहे, जेवढ्या किमतीची मालमत्ता त्याला मिळाली तेवढ्यापुरताच तो. तुम्हाला अशी मर्यादा नाही.

तुमचा खरेदीदार 'मी फक्त शेड घेतली' असं म्हणेल. नुसती रिकामी जागा घेतली असती तर ते धंद्याचं हस्तांतर नाही असा वाद घालता आला असता, पण मशिनं घेतली, माणसं ठेवली, मग तो वाद टिकणं अवघड. शिवाय कलम ११(२) प्रमाणे थकीत पीएफचा पहिला बोजा धंद्याच्या मालमत्तेवर असतो, म्हणजे बाकी देण्यांच्या आधी पीएफ वसूल होतो. आपल्याकडच्या साखर कारखान्यांच्या केसमध्ये २००९ साली सुप्रीम कोर्टाने राज्य सहकारी बँकेकडे तारण ठेवलेल्या साखरेवरही आधी पीएफचाच हक्क धरला होता, तिथे बँकेचं चाललं नाही तर तुमच्या करारातल्या एका ओळीचं काय चालणार.

आणि रक्कम फक्त थकबाकीपुरती राहत नाही हो. कलम ७-क्यूखाली वर्षाला १२ टक्के व्याज, वर कलम १४-बीखाली दंड, तो १४ जून २०२४ पासूनच्या थकबाकीला महिन्याला १ टक्का आहे पण तुमची जुनी, म्हणून जुना दर, सहा महिन्यांपुढच्या उशिराला वर्षाला २५ टक्के, थकबाकीच्या १०० टक्क्यांपर्यंत. हा दंडही नव्या मालकावर येऊ शकतो हे सुप्रीम कोर्टाने २०१४ मध्ये एका चहाच्या मळ्याच्या केसमध्ये सांगितलंय.

मला खरं टेन्शन आहे ते कापून न भरलेल्या पैशाचं. मालकाचा हिस्सा थकणं वेगळं, पण कामगाराच्या पगारातून कापलेला पैसा त्याचाच, तो न भरणं म्हणजे फौजदारी विश्वासघात, इथे 'धंदा बसला होता' हे कारण कोणी ऐकत नाही. तो हिस्सा आधी भरून टाका, सुनावणीची वाट बघू नका.

सुनावणीला मात्र जाच, पगारपत्रकं, चलनं, खरेदीखत सगळं घेऊन. न गेलात तर एकतर्फी आदेश होतो, तो रद्द करून घ्यायला तीन महिने मिळतात. ट्रिब्युनलकडे अपील ६० दिवसांत, पण त्यासाठी १९५२ च्या कायद्याप्रमाणे आधी ठरलेल्या रकमेच्या ७५ टक्के भरावे लागतात, ट्रिब्युनल कारण नोंदवून ते कमी करू शकतं. खरेदीदारालाही पार्टी (पक्षकार) करा असा अर्ज सुनावणीतच द्या. वसुलीवर गेलं तर आधी धंद्याच्या मालमत्तेवर, म्हणजे सध्या त्याच्याकडे असलेल्या शेडवर जप्ती येते, त्यात भागलं नाही की तुमच्या स्वतःच्या मालमत्तेवर. जे तुम्ही भराल ते करारातल्या त्याच ओळीच्या जोरावर दिवाणी कोर्टात त्याच्याकडून मागता येईल, तिथे ती ओळ कामाची आहे, म्हणून भरल्याची चलनं जपून ठेवा आणि त्याला वकिलामार्फत नोटीस आत्ताच पाठवा.