इंजिनिअरिंग सोडून सिनेमाला संगीत द्यायचंय

प्रश्न : मुलगा इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. दिवसभर लॅपटॉपवर संगीत करत बसतो. मोरिस जार या फ्रेंच संगीतकारानं इंजिनिअरिंग सोडलं आणि तीन ऑस्कर मिळवली, मलाही सोडू द्या, असं म्हणतो. काय करावं? – एक वडील, पुणे

उत्तर : नमस्कार. चिरंजीवांनी उदाहरण उत्तम निवडलंय, पण गोष्ट अर्धीच सांगितली आहे.

जार यांनी वडिलांचा विरोध पत्करून इंजिनिअरिंग सोडलं, हे खरं. पण सोडून ते पॅरिसच्या संगीत कॉन्झर्वेटरीत गेले, हार्मनी (एकाच वेळी अनेक स्वर जुळवण्याचं शास्त्र) शिकले, तालवाद्यांवर हात बसवला. १९५१पासून दिग्दर्शक जाँ व्हिलार यांच्या सरकारी नाट्यसंस्थेत सुमारे बारा वर्षं नाटकांना संगीत दिलं. आपल्याकडे तिसरी घंटा होते ना, तसं फ्रान्समधल्या आव्हिन्याँ शहराच्या नाट्यमहोत्सवात प्रयोगाआधी जार यांनी रचलेले तुताऱ्यांचे सूर आजही वाजतात. त्यांचं संगीत असलेला ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’ हा सिनेमा आला १९६२मध्ये, त्यांच्या वयाच्या ३८व्या वर्षी. त्याच्या संगीतासाठी आधी दुसऱ्या मोठ्या संगीतकारांची नावं चालली होती. शेवटी सगळं काम जार यांच्याकडे आलं आणि सुमारे दोन तासांचं संगीत जेमतेम सहा आठवड्यांत लिहावं लागलं. नाटकाच्या तारखा सांभाळलेल्या माणसालाच हे झेपतं, असं मला मनापासून वाटतं. पहिलं ऑस्कर त्याच कामाचं.

म्हणून माझं स्पष्ट मत : पदवी आत्ता सोडू नये. पुढे एफटीआयआय या पुण्यातल्या चित्रपट-प्रशिक्षण संस्थेच्या ध्वनी अभ्यासक्रमाकडे वळायचं ठरलं, तरी पदवी लागेलच. (तो संगीतरचनेचा अभ्यासक्रम नाही, हे मात्र त्याला आधीच सांगा.) दरम्यान त्यानं पाश्चात्त्य स्वरलिपी शिकावी, एक वाद्य गुरूकडे बसून शिकावं. एकट्या सॉफ्टवेअरवर भागत नाही. वादकांसमोर कागद ठेवता आला पाहिजे.

आणि कॉलेजच्या एकांकिकेचं संगीत त्यानं अंगावर घ्यावं. पुरुषोत्तम या आंतरमहाविद्यालयीन एकांकिका स्पर्धेच्या तालमी पुण्यात कशा चालतात, तुम्हाला माहीतच असेल. रात्री अकराला दिग्दर्शक म्हणतो, ‘हा तुकडा काढ, इथे शांतताच हवी.’ तीन दिवस खपून केलेला तुकडा तुमचा मुलगा काढतो का, आणि दुसऱ्या दिवशी त्याच उमेदीनं नवा घेऊन येतो का? सिनेमात रोज हेच करावं लागतं. दोन वर्षं हे आनंदानं केलं, तर पदवीनंतर त्याला अडवू नका, एखाद-दोन वर्षांचा खर्चही उचला.

प्रयोगाला तुम्ही दोघं आवर्जून जा. घरी आल्यावर बॅकलॉगचा विषय त्या रात्री तरी काढू नका.