भाचा २२ महिन्यांचा आहे, हाकेला वळत नाही पण भांडं पडलं की दचकतो. बहिरा असेल तर पुढे तब्येत, शाळा, नोकरीचं काय?

तुम्ही लिहिलंय की बहिणीचा मुलगा २२ महिन्यांचा झाला, देवगडजवळच्या गावात असतो, अजून ‘आई’सुद्धा म्हणत नाही, आणि घरचे म्हणतात ‘बोलेल हळूहळू’.

हे ‘बोलेल हळूहळू’ आमच्या घरात साडेचार वर्षं चाललं. माझा धाकटा भाऊ १९८८ सालचा. घर मालवण तालुक्यात, अगदी किनाऱ्याला. फटाका वाजला की तो वळून बघायचा, त्यामुळे कान ठीक आहेत असं सगळ्यांनी ठरवून टाकलेलं. आजी म्हणायची, “बोलतलो गो तो. तेचो बापूस पण चार वर्सांचो होयसर गप होतो.” पोपटाने टोचलेले पेरू शोधून त्याला खायला घातले. रवळनाथाला गाऱ्हाणं घालून झालं. कानात कोमट खोबरेल तर रोजच. शेवटी एका कंपाउंडरने बाबांना बाजूला घेऊन सांगितलं की पोराला गोव्यात बांबोळीच्या सरकारी इस्पितळात नेऊन कान तपासून आणा. तिथे कळलं, दोन्ही कानांनी जवळजवळ काहीच ऐकू येत नाही.

म्हणून आधी भांड्याबद्दल. दचकण्यावरून काही सिद्ध होत नाही. जमीन हादरते, हवेचा धक्का बसतो, समोरचं माणूस दचकलेलं दिसतं, आणि मुलं भारी हुशार असतात. दुसरं म्हणजे कान अर्धवट गेलेला असू शकतो. मोठा आवाज कळतो, पण ‘स’, ‘फ’, ‘त’, ‘क’ हे बारीक आवाज पोचत नाहीत, आणि बोलणं समजतं ते त्यांच्यावरच. मागे उभं राहून टाळ्या वाजवायचे घरगुती प्रयोग सोडा.

दोन तपासण्यांची नावं लक्षात ठेवा: ओएई आणि बेरा. पहिलीत कानात छोटं बूच घालून आतला पडसाद मोजतात, काही मिनिटांचं काम. दुसरीत मूल झोपलेलं असताना डोक्याला चिकटपट्ट्या लावून आवाज मेंदूकडे जाणाऱ्या वाटेवर कितपत पोचतो ते पाहतात. दुखत नाही, सुई नाही. मुलाने काही सांगायची गरज नसते, म्हणून तान्ह्या बाळाचीही होते. जन्मल्यावर महिन्याच्या आत चाचणी, तीन महिन्यांत निदान, सहा महिन्यांत उपाय सुरू, असा सर्वत्र मानलेला हिशेब आहे. त्या हिशेबाने तुम्हाला उशीर झालाय, पण आमच्याइतका नाही.

ओरोसला जिल्हा रुग्णालयात कान-नाक-घसा विभागात विचारा, आणि लहान मुलांच्या तपासणीचं जिल्हा केंद्र कुठे बसतं तेही विचारून घ्या. अंगणवाडी आणि शाळांत येणारं आरोग्य पथक मुलांना तिकडेच पाठवतं. तिथे बेरा होत नसेल तर बांबोळी, कोल्हापूर, किंवा मुंबईत वांद्र्याची अली यावर जंग संस्था. ही केंद्र सरकारची संस्था १९८३ पासून याच कामाला वाहिलेली आहे. शिबिर लागेल तेव्हा बघू, असं मात्र करू नका. आणि तपासणीत कान व्यवस्थित निघाला तर तेही चांगलंच. मग हाकेला न वळण्याचं कारण दुसरं आहे आणि ते शोधायला डॉक्टर मोकळे होतील. कधी कधी पडद्यामागे नुसतं पाणी साचलेलं असतं आणि ते बरं होतं. कानात तेल घालत असाल तर ते बंद करा, एवढं मात्र आजच.

आता तुमचा खरा प्रश्न, पुढे काय. तब्येत, शाळा, नोकरी असे तुम्ही तीन भाग केलेत. पण माझ्या डोळ्यांसमोर जे झालं त्यात तिन्हीकडे एकच गोष्ट आडवी आली, ती म्हणजे पहिल्या साडेचार वर्षांत त्याच्याशी कोणी बोललंच नाही. म्हणजे आम्ही तोंडाने बोलत होतो, पण त्याच्यापर्यंत काही जात नव्हतं. तुमचा भाचा या वयात शेकडो शब्द साठवत असायला हवा. माझ्या भावाकडे साडेचार वर्षांचा असताना मोजून पंधरावीस खुणा होत्या, त्याही त्याने स्वतः केलेल्या. कपाळाला बोट म्हणजे आई, विडी ओढल्यासारखं केलं की बाबा, वेणीचा हिसका म्हणजे मी. ‘काल’, ‘उद्या’, ‘का’, ‘जर’ यांना खूणच नव्हती. बाबा बोटीवर गेले की ते परत येणार हे त्याला सांगता यायचं नाही. तो बंदरावर लोळण घ्यायचा आणि लोक म्हणायचे, पोर हट्टी आहे.

मग निवासी शाळा. गणपतीला आणि मे महिन्यात घरी. तिथे बोलायला शिकवायचे, हात वापरायला बंदी. १८८० साली इटलीत मिलानला बहिऱ्यांच्या शिक्षकांची परिषद भरली होती, तिथे ठरलं की बोलणंच श्रेष्ठ, खुणा नकोत. त्या ठरावाचं भूत शंभर वर्षांनी कोकणातल्या एका पोराच्या हातावर पट्टी मारत होतं. वसतिगृहात मात्र रात्री दिव्याखाली बसून मोठी मुलं लहानांना खुणा शिकवायची. भाऊ तिथेच शहाणा झाला, असं तो स्वतः सांगतो. आज चित्र बदललंय. भारतीय सांकेतिक भाषेसाठी दिल्लीत २०१५ साली वेगळी संस्था झाली, तिचा शब्दकोश आता दहा हजार शब्दांच्या पुढे गेलाय आणि मोबाईलवर बघता येतो.

ओठ वाचता येतात की, असं तुम्हाला कोणीतरी सांगेलच. आरशासमोर उभे राहा आणि आवाज न करता ‘पापा’, ‘बाबा’, ‘मामा’ म्हणा. ओठ तिन्ही वेळा सारखेच हलतात. समोरच्याला मिशी असेल, तोंडात पान असेल, उजेड पाठीमागे असेल तर संपलंच. करोनात मास्क आले तेव्हा भाऊ बाजारात जाणंच टाळायचा.

लिहिण्याचंही सांगते, कारण शाळेतले गुरुजी इथेच चुकतात. भावाचा मेसेज असा येतो: “ताई दर्या खराब. बोट नाही. मी घर उद्या ये.” लोकांना वाटतं, डोकं कमी आहे. आपण ‘घरी’, ‘घराला’, ‘घरातून’ हे प्रत्यय शिकलेलो नसतो, ते लहानपणी कानात पडून आपोआप बसलेले असतात. बोलण्यात ते इतके तोकडे की ओठांवर दिसतही नाहीत, आणि खुणांच्या भाषेचं व्याकरण निराळं. हाच माणूस नांगरलेल्या बोटीचं इंजिन अर्ध्या दिवसात उघडून परत बसवतो. पुढे भाच्याच्या परीक्षा येतील तेव्हा लक्षात असू द्या की तासामागे २० मिनिटं जास्तीची मिळतात. ती मागावी लागतात, आपणहून कोणी देत नाही.

तब्येतीचं थोडक्यात. बहिरेपणाने शरीर कमजोर होत नाही, आणि मुका म्हणतात तोही गैरसमज. गळा शाबूत असतो, आवाज ऐकलाच नाही म्हणून काढता येत नाही. त्रास होतो तो दवाखान्यात. डॉक्टर भावाशी बोलत नाहीत, माझ्याशी बोलतात. एकदा पोटदुखीच्या गोळ्यांवर त्याने दिवसाच्या तीन एकदम घेतल्या, कारण ‘तीन वेळा’ हे कोणी त्याला धड समजावलं नव्हतं. आता मी चिठ्ठीवर सूर्य, डोक्यावरचा सूर्य आणि चंद्र काढून घेते.

आणि तौक्ते चक्रीवादळ. मे २०२१. ग्रामपंचायतीची गाडी भोंगा लावून फिरली, सगळ्यांना कळलं. भाऊ किनाऱ्यावर बोट ओढून ठेवायला एकटाच गेला होता, त्याला काही कळलं नाही. त्याला हाताला धरून आणावं लागलं. पुढचे कितीतरी दिवस वीज नव्हती, टॉवर बंद. आपण अंधारात गप्पा मारत बसलो, वाऱ्याला शिव्या घातल्या. भाऊ अंधारात भिंतीला टेकून बसला होता, कारण हात दिसत नाहीत तर बोलणार कसं? तिसऱ्या रात्री आईच्या लक्षात आलं आणि तिने देवाजवळचा कंदील आणून त्याच्यासमोर ठेवला. तो जवळजवळ तासभर बोलत होता. तोपर्यंत घरातल्या कोणाला, मलाही, हे सुचलं नव्हतं.

नोकरी. त्याने आयटीआयला डिझेल मेकॅनिक केलं. निदेशक फळ्याकडे तोंड करून बोलायचे, शेजारचा मित्र वहीत चित्रं काढून द्यायचा, असं करत पास झाला. पहिल्या वर्कशॉपमध्ये सहा वर्षं निम्म्या पगारावर राबला. मालकाचं म्हणणं, “तेका सांगूक येळ जाता.” बोटींच्या कामात खरं तर त्याची अडचण सगळ्यात कमी आहे. इंजिन चालू झालं की बोटीवर सगळेच बहिरे, तांडेलसुद्धा (बोटीचा प्रमुख) हातानेच हुकूम देतो. रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं, ओढताना किनाऱ्यावरचा माणूस पंचा हलवून होडीला खुणावतो. हे मी बाबांना म्हटलं तर ते हसले, पण त्यांना ते नीट ऐकू आलं नव्हतं. ८५ डेसिबलच्या वरच्या आवाजात रोज आठ तास काढले की कान हळूहळू जातात, आणि बाबांनी बोटीवर तीस वर्षं काढली. कानाला मशीन लावायला तयार नाहीत. नाक्यावर जाऊन बसणं त्यांनी बंद केलंय आणि मला भावापेक्षा त्यांचीच काळजी जास्त वाटते. मध्यम वयात ऐकू कमी येणं हे स्मृतिभ्रंशाच्या टाळता येण्याजोग्या मोठ्या कारणांत धरतात.

सरकारी नोकरीसाठी २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात ४ टक्के जागा राखीव, त्यातली १ टक्का कर्णबधिरांना. दोन्ही कानांनी ऐकू येण्यात ७० डेसिबल किंवा जास्त घट असेल तर कायद्याने बधिर, ६० ते ७० मध्ये असेल तर कमी ऐकू येणारा. त्यासाठी दिव्यांग प्रमाणपत्र आणि यूडीआयडी कार्ड (दिव्यांगांचं ओळखपत्र) लागतं. निदान झालं की ते काम लगेच उरका, शिष्यवृत्तीपासून एसटीच्या सवलतीपर्यंत सगळं त्याच्यावर चालतं. आणि कुठल्याही अर्जावर संपर्काला तुमचा, म्हणजे ऐकू येणाऱ्या माणसाचा, नंबर द्या. भावाची एक मुलाखत केवळ यामुळे गेली की कार्यालयाने त्याच्या मोबाईलवर तीनदा फोन केला आणि ‘उमेदवाराने प्रतिसाद दिला नाही’ असा शेरा मारला. बहिऱ्याने फोन उचलला नाही!

उपायांत श्रवणयंत्र की कॉक्लिअर इम्प्लांट (ऑपरेशनने कानाच्या आत बसवायचं यंत्र), हे बेराचा रिपोर्ट बघून तज्ज्ञच सांगतील. इम्प्लांट म्हणजे ऑपरेशन झालं की मूल बोलू लागलं, असं नसतं. नंतर काही वर्षं रोज घरी बसून ऐकायला शिकवावं लागतं. खर्च लाखांत जातो. केंद्राच्या एडिप योजनेत लहान मुलांना मदत मिळते, पण पाच वर्षांची मर्यादा आहे, म्हणून घाई. कुठलंही मशीन घ्या, खुणा मात्र सोडू नका. खुणा केल्या तर तो बोलायचा आळस करेल असं काही लोक अजून सांगतात. माझं मत उलट आहे. त्याला मनातलं सांगायची सवय लागू दे, मग तोंडाने सांगो की हाताने.

बहिणीला कोणी काही बोलत असेल तर तुम्ही मध्ये पडा. आमच्या आईला ‘गिराणात (ग्रहणात) सुरी धरलंस’ म्हणून वर्षानुवर्षं ऐकवलं. आमच्याकडे आई-बाबा नात्यातलेच, आत्ये-मामे भावंडं, आणि डॉक्टरांनी बोट ठेवलं ते त्या नात्यावर. दोघेही ऐकू येणारे असले तरी तो दोष दोघांकडून मुलात उतरू शकतो. बहिऱ्या मुलांपैकी बहुतेकांचे आईबाप ऐकू येणारेच असतात. गरोदरपणातला रुबेला, बाळाची जास्त वाढलेली कावीळ, मेंदूज्वर हीही कारणं असतात.

आपल्याकडच्या हवेची एक गोष्ट दुकानदार सांगत नाही. जून ते सप्टेंबर यंत्रात दमट वारा शिरतो, वर घाम आणि खारी हवा. भावाची दोन यंत्रं त्यानेच गेली. रात्री बॅटरी काढून यंत्र घट्ट झाकणाच्या डब्यात सिलिका जेलबरोबर ठेवायचं. निळ्या खड्यांची पुडी आणा, खडे गुलाबी झाले की बदला.

बेरा झाली की कुठल्या कानाला किती डेसिबल ते इथेच खाली लिहा. भाऊ म्हणतो, मुलाला आणि बहिणीला व्हिडिओ कॉलवर घ्या, ‘दूध’, ‘पाणी’, ‘झोप’, ‘बाबा परत येणार’ एवढ्या खुणा तो पहिल्याच दिवशी शिकवेल. तोंडावर उजेड येईल असं बसा, खिडकी पाठीमागे नको.