अक्षतांचे फोटोच नाहीत, आता फोटोग्राफरला काय म्हणायचं?

प्रश्न : ताई नमस्कार, आम्ही खानापूर तालुक्यातले. मे महिन्यात बहिणीचं लग्न झालं, बेळगावात कार्यालय घेतलं होतं. फोटोग्राफर काकांच्या ओळखीचा, ४५ हजार ठरलेले, त्यातले ३० दिलेत. दीड महिन्यानं त्यानं लिंक पाठवली, फोटो अकराशेच्या वर आहेत पण मामा तिला अंतरपाटाकडं घेऊन येतो तिथपासून माळा घालेपर्यंतचा एकही फोटो त्यात नाही. हळद आहे, जेवणाच्या पंगती आहेत, स्टेजवरचे आहेरवाले सगळे आहेत, नेमक्या अक्षताच नाहीत. विचारलं तर आधी म्हणाला एडिटिंगला आहेत, मग म्हणाला हार्डडिस्क दुसरीकडं आहे, आता फोनच उचलेना झालाय. बाबा म्हणतात जाऊ दे, काकाचा माणूस आहे, संबंध बिघडतील. पण आई रोज लिंक उघडून बघते आणि गप्प बसते वो. काय करावं?

उत्तर : बाबांचं म्हणणं कळतं, आपल्याकडं फोटोग्राफर काय नि आचारी काय, सगळे कुणाच्या ना कुणाच्या ओळखीचेच असतात. पण तुम्ही भांडण मागत नाही, पैसे देऊन करून घेतलेलं काम मागताय, त्यामुळं विचारायला अजिबात संकोच करू नका आणि मुख्य म्हणजे उशीर करू नका. उशीर का नको ते आधी सांगते. कॅमेऱ्याच्या कार्डातनं फोटो डिलीट झाला किंवा कार्ड फॉरमॅट झालं तरी बहुतेक वेळा फोटो लगेच पुसला जात नाही, फक्त यादीतनं त्याचं नाव जातं, आणि त्या जागेवर नवीन फोटो बसला की मग तो कायमचा गेला. म्हणजे त्या कार्डावर पुढची लग्नं जेवढी शूट होतील तेवढी तुमची आशा कमी होत जाणार. मे महिन्यातलं लग्न म्हणजे त्यानंतरचे मुहूर्त झालेच असतील, तरी कार्ड बाजूला ठेवलेलं असेल तर रिकव्हरीचं सॉफ्टवेअर लावून बघता येतं, बेळगावात कॉम्प्युटर रिपेअरवाले हे काम करतात.

त्याच्याकडं जायच्या आधी घरी एक काम करा. लिंकवरचे सगळे फोटो कॉम्प्युटरवर उतरवून घ्या आणि फाइलच्या नावाच्या क्रमानं लावा. कॅमेरा फोटोला ओळीनं नंबर देत जातो, मधे सलग दीडदोनशे नंबर गायब असतील तर तिथं काहीतरी घडलंय हे स्पष्ट दिसतं (अधनंमधनं पाचदहा नंबर नसणं साहजिक आहे, डोळे मिटलेले, हललेले फोटो ते काढून टाकतात). त्यानं फोटोंना नवीन नंबर दिले असतील तर फोटोच्या प्रॉपर्टीजमध्ये काढल्याची तारीख आणि वेळ बघा. समजा अक्षता १२.३५ च्या होत्या आणि १२.२० ते १.०५ काहीच नाही, तर ही वेळ कागदावर लिहून घ्या. ‘फोटो कमी आहेत’ म्हटलं की ‘बघतो’ असं उत्तर येतं, पण ‘या पाऊण तासातला एकही फोटो नाही’ म्हटलं की त्याला कुठं शोधायचं ते कळतं.

मग हे विचारा की त्या दिवशी कॅमेरे किती होते. बहुतेक लग्नात एक ट्रॅडिशनलवाला (माणसांना उभं करून नेहमीचे फोटो काढणारा) असतो आणि एक कँडिडवाला (न सांगता सहज क्षण टिपणारा), आणि कँडिडवाला पोरगा पुष्कळदा त्या स्टुडिओचा नसतोच, दिवसाच्या पैशावर बोलावलेला असतो, त्याच्या लॅपटॉपवर कॉपी राहिलेली असू शकते. अल्बमचं डिझाइनही बरेच जण बाहेरच्या डिझायनरकडनं करून घेतात, त्याच्याकडं गेलेल्या डेटात हे फोटो असतील. मला तर वाटतं की कार्ड खराब होण्यापेक्षा एखादा फोल्डर कॉपी करायचाच राहिला असणं जास्त शक्य आहे, म्हणून ह्या दोन जागा त्याला नक्की बघायला लावा.

फोन उचलत नाही म्हणून वीसवेळा फोन करत बसू नका, व्हॉट्सॲपवर एकच नीट मेसेज टाका. असा काहीतरी : “दादा, लग्नाचे फोटो छान आलेत, पण १२.२० ते १.०५ मधले अक्षतांचे फोटो लिंकमध्ये नाहीत. दोन्ही कॅमेऱ्यांची कार्डं, कँडिडवाल्याचा लॅपटॉप आणि डिझायनरकडचा डेटा एकदा बघा. तोपर्यंत ती कार्डं वापरू नका. एडिट न केलेले असले तरी चालतील. रविवारी सकाळी काकांना घेऊन स्टुडिओत येतो, फोटो मिळाले की राहिलेले १५ हजार लगेच देतो.” त्याला मराठी बोलता येत असेल पण वाचायला कन्नड सोपं जात असेल तर हाच मेसेज कुणाकडनं तरी कन्नडमध्ये लिहून घ्या, समोरच्याला नीट कळणं महत्त्वाचं. आणि रविवारी खरंच जा, काकांना न्याच, आणि पेनड्राइव्ह नको तर मोठी हार्डडिस्क न्या, कारण रॉ फाइल्स (कॅमेऱ्यातनं निघालेल्या मूळ, एडिट न केलेल्या फाइल्स) फार मोठ्या असतात.

१५ हजार आत्ताच देऊन टाकू नका आणि देणार नाही असंही म्हणू नका. फोटो गेलेच असं त्यानं कबूल केलं तर किती पैसे कमी करायचे ते काकांच्या समोर ठरवा आणि व्हॉट्सॲपवर लिहून घ्या. कबूल करणाऱ्या माणसाशी मवाळ वागा, पण टाळाटाळच चालू राहिली तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा १९१५ नंबर आहे, आणि जिल्हा ग्राहक आयोगात दोन वर्षांच्या आत तक्रार करता येते, ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला फी नाही. आणखी एक, पैसे देऊन काढून घेतलेल्या फोटोंचा हक्क, वेगळा करार नसेल तर, १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणं काढून घेणाऱ्याचा, म्हणजे तुमचाच असतो. म्हणजे फोटो मागताना तुम्ही उपकार मागत नाही.

ह्या सगळ्याबरोबर दुसरीकडनंही गोळा करायला लागा. व्हिडिओ असेल तर आईसाठी तोच मोठा आधार आहे. फुल एचडी व्हिडिओतनं काढलेली फ्रेम ४ बाय ६ च्या प्रिंटला पुरते, फोर-केमधली तर अल्बमच्या पानालाही चालते, फक्त माणसं हलत नसतील ती फ्रेम निवडा, माळ घालून हात खाली आल्यावरची वगैरे. पाहुण्यांच्या ग्रुपवर ‘अक्षतांच्या वेळचे फोटो पाठवा’ असं वेळेसकट टाका आणि डॉक्युमेंट म्हणून पाठवायला सांगा, नाहीतर व्हॉट्सॲप फोटो बारीक करून टाकतं. मामाकडच्या माणसांना वेगळा फोन करा. मामा पोरीला घेऊन चाललाय म्हटल्यावर त्यांच्यातल्या कुणाचा ना कुणाचा मोबाइल वर होताच असणार, आणि आईला हवा असलेला फोटो कदाचित तिथंच मिळेल.

प्रश्न : आम्ही निपाणीचे, फोटोग्राफर कोल्हापूरचा. अल्बम वर्षभर दिला नाही, वर म्हणतो तक्रार करायची तर कोल्हापूरला या. खरं का?

उत्तर : नाही. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानं तुम्ही जिथं राहता किंवा काम करता तिथल्या आयोगात तक्रार करता येते, म्हणजे तुमची तक्रार बेळगाव जिल्हा आयोगात चालेल. ऑनलाइनही दाखल करता येते. वर्ष गेलंच आहे तर आता थांबू नका, ॲडव्हान्स दिल्याचा यूपीआयचा पुरावा, पॅकेज ठरल्याचं चॅट आणि त्यानं दिलेल्या तारखा एका फाइलीत लावा आणि आधी पंधरा दिवसांची मुदत देऊन स्पीड पोस्टानं पत्र पाठवा.