मंडईचं नाटक, संडासाचे दरवाजे आणि बेंथमसाहेब : वाचकांचे प्रश्न

प्रश्न : ताई नमस्कार. मी सिंदेवाही तालुक्यातल्या एका खेड्यातून लिहून राहिलो. आमच्या इथं धान निघाले की मंडई म्हणजे गावची जत्रा भरते अन रात्री नाटक होते, वडशाहून कंपनी बुक करतो. यंदा मंडळाच्या मीटिंगमध्ये शाळेतले एक सर म्हणाले की नाटकावर पैसा उडवण्यापेक्षा शाळेतल्या पोरींच्या संडासाले दरवाजे लावा अन पाण्याची टाकी बसवा, जास्तीत जास्त लोकांचं जास्तीत जास्त सुख कशात आहे ते पहा, असं बेंथम नावाचा तत्त्वज्ञ सांगून गेला. अर्धे पोट्टे चिडले. मले सरांचं पटतेबी अन नाईबी. हा बेंथम कलेच्या विरोधात होता काय? अन नाटकाचा उपयोग काय असं कोणी विचारलं तं काय सांगावं?

उत्तर : भाऊ, सरांवर चिडू नका, प्रश्न एकदम बरोबर विचारलाय त्यांनी. जेरेमी बेंथम (१७४८-१८३२) कलेचा दुश्मन वगैरे नव्हता, उलट संगीताचा शौकीन होता, व्हायोलिन वाजवायचा. त्याचं म्हणणं एवढंच की कोणतीही गोष्ट चांगली की वाईट हे तिच्यातून सुख किती अन दुःख किती निघतं यावरून ठरवा, मोठं नाव बघून ठरवू नका. सुख मोजायला त्यानं सात गोष्टी सांगितल्या, म्हणजे सुख किती जोरदार आहे, किती वेळ टिकतं, मिळायची खात्री किती, लवकर मिळतं की उशिरा, त्यातून पुढं आणखी सुख निघतं का, त्यात दुःखाची भेसळ किती, आणि ते किती लोकांपर्यंत पोचतं.

आता तुमची मंडई या हिशोबात टाकून बघा. नाटक रात्री सुरू होतं ते पहाटेपर्यंत चालतं, आजूबाजूच्या गावचे पाहुणे घरोघरी येतात, लेकीबाळी माहेरी येतात, सोयरिकी जुळतात, चहावाल्याचा पानठेलेवाल्याचा धंदा होतो, आणि ऑर्गनवाला तबलजी लाइटवाला मेकअपवाला यांची वर्षाची बरीच कमाई याच सीझनची असते. भेसळ पण आहेच, दारू पिऊन होणारे राडे, उधारी, दुसऱ्या दिवशी शाळेत पेंगणारी पोरं, हे पण लिहा वहीत. तरी झाडीपट्टी, म्हणजे आपल्या पूर्व विदर्भातली ही नाटकाची परंपरा, बेंथमच्या परीक्षेत नापास होत नाही हो, बऱ्यापैकी मार्कांनी पास होते.

पण दुसऱ्या बाजूला जी पोरगी दिवसभर पाणी पीत नाही, कारण संडासाला दार नाही, आणि महिन्यातले काही दिवस शाळेतच येत नाही, तिचं काय? तो त्रास जोरदार आहे, रोजचा आहे, खात्रीचा आहे, आणि दरवाजा लावला की उद्यापासून थांबतो. इथं माझं मत स्पष्ट आहे, दरवाजे आधी. हे एकदाच करायचं काम आहे, नाटक दरवर्षीचं. यंदा कंपनी बुक करू नका, गावच्याच लोकांची दंडार, म्हणजे आपलं लोकनाट्य, बसवा, खर्च कमी आणि मंडईही सुनी जात नाही. पुढच्या वर्षी वडशाला जा.

१८३५ साली तेओफिल गोतिए नावाच्या फ्रेंच लेखकानं एका कादंबरीच्या प्रस्तावनेत उपयोग-उपयोग करणाऱ्यांची खिल्ली उडवताना लिहिलंय की खरी सुंदर गोष्ट तीच जिचा काही उपयोग नाही, घरातली सगळ्यात उपयोगी जागा म्हणजे संडास. वाक्य झकास आहे, पॅरिसमध्ये बसून लिहायला तर फारच झकास. जिल्हा परिषदेच्या शाळेत सातवीतली पोरगी म्हणून त्याला आठ दिवस बसवायला पाहिजे होतं.

हाच हिशोब पुढं ताणला तर मात्र जड जातो. पीटर सिंगर हे आजचे मोठे उपयुक्ततावादी, म्हणजे बेंथमसारखाच सुखदुःखाचा हिशोब करणारे, त्यांनी २०१३ मध्ये एका लेखात विचारलं की तुमच्याकडे दान द्यायला पैसे आहेत, म्युझियमची नवीन इमारत बांधायला द्याल की खुपऱ्यांनी आंधळं होणाऱ्यांचे डोळे वाचवायला? आणि त्यांचं उत्तर डोळे. ठीक आहे, पण जगात कुठं ना कुठं कोणाचे तरी डोळे जात असतातच, मग नाटकाची पाळी कधी येणार? कधीच नाही. त्यामुळे मी सिंगरसाहेबांबरोबर शेवटपर्यंत जात नाही, तुमच्याच गावच्या दरवाज्यापर्यंत जाते, कारण तिथं कोणाचं देणं आहे ते डोळ्यापुढं दिसतंय.

आता सरांसाठी एक इशारा. पुढच्या वर्षी ते म्हणतील, करा नाटक पण काहीतरी उपयोगाचं करा, व्यसनमुक्ती, स्वच्छता. इथं खरा घोटाळा होतो बघा. नाटक करायचं की नाही, पैसा घालायचा की नाही, हा प्रश्न बेंथमला विचारता येतो, आणि विचारायलाच पाहिजे. पण नाटक चांगलं झालं की नाही हे त्याच्या सात खान्यांत बसत नाही. काट्यावर धान मोजून विकायचं की ठेवायचं ते ठरवता येतं, भात मोकळा झाला की गचका हे काटा सांगत नाही. विषय चांगला म्हणून नाटक चांगलं, असं समजून केलेली नाटकं सगळ्यांनी बघितलीत, दुसऱ्या अंकाला मंडप रिकामा.

आणि गंमत म्हणजे उपयोग सुद्धा त्यामुळेच हुकतो. गाडगेबाबा दिवसा झाडू मारायचे आणि रात्री कीर्तनात सांगायचे काय, तर कर्ज काढून सण करू नका, दारू सोडा, पोरं शिकवा. ही यादी ग्रामपंचायतीच्या भिंतीवर पण असते, कोण वाचतं? बाबांचं ऐकायला गर्दी व्हायची ती त्या वऱ्हाडी बोलण्यासाठी, समोरच्यांना प्रश्न टाकून त्यांच्याच तोंडून उत्तर काढायच्या त्या पद्धतीसाठी, मधेच उसळणाऱ्या गोपाला गोपालासाठी. तुकडोजी महाराजांच्या हातातली खंजिरी काढून घ्या आणि मग बघा भजनातलं काय उरतं. उपयोग झाला, कारण आधी कीर्तन रंगलं. सर ऐकणार नाहीत असं वाटलं तर त्यांना हे विचारा की ते स्वतः कोणत्या पोस्टरमुळे सुधारले.

प्रश्न : मी अमरावती जिल्ह्यात बीए करते, फिलॉसॉफी घेतलीय. बेंथमनं म्हणे टाचण्यांचा खेळ आणि कविता एकाच लायकीचे ठरवले. मग रील बघणं आणि चांगलं नाटक बघणं पण सारखंच ना? घरचे मला हेच ऐकवतात, फक्त उलट्या बाजूनं, की नाटक पण रीलसारखंच फालतू.

उत्तर : हे त्याच्या १८२५ च्या पुस्तकात आहे. पण तो बोलत होता सरकारनं बक्षिसं आणि पैसे कशाला द्यावेत याबद्दल, हे सांगायचं राहून जातं. मनातला पूर्वग्रह बाजूला ठेवला तर खेळातून जास्त आनंद मिळत असेल तर खेळ जास्त मोलाचा, कारण खेळ सगळ्यांना येतो आणि कविता थोड्यांनाच कळते, असा त्याचा मुद्दा. त्यात एक लोकशाही आहे, ती मला आवडते. कवितेत मात्र त्याला खरंच गती नव्हती. गद्यात शेवटची सोडून सगळ्या ओळी समासापर्यंत जातात आणि कवितेत काही अलीकडेच थांबतात, अशी त्याची कवितेची व्याख्या जॉन स्टुअर्ट मिलनं नोंदवून ठेवलीय.

मिल (१८०६-१८७३) याच घरात वाढला असं म्हणा, बाप जेम्स मिल बेंथमचा चेला, पोराला तीन वर्षांचा असल्यापासून ग्रीक शिकवायला बसवलेलं. आणि १८२६ मध्ये, विशीत, पोरगं आतून बसलं. त्यानं स्वतःला विचारलं, तुला समाजात ज्या ज्या सुधारणा पाहिजेत त्या सगळ्या आत्ता झाल्या तर तू सुखी होशील का, आणि आतून उत्तर आलं, नाही. ज्याला सगळ्या जगाच्या सुखाचा हिशोब करायला तयार केलं होतं त्याला स्वतःलाच सुख वाटेना. तो हळूहळू सावरला, आणि त्यात १८२८ मध्ये वाचलेल्या वर्ड्सवर्थच्या कवितांचा मोठा हात होता. तेव्हाच त्याला कळलं की सुखावर नेम धरून सुख मिळत नाही, दुसऱ्या कशात तरी जीव लावला की ते वाटेत मिळतं. वरच्या उत्तरात नाटकाबद्दल मी जे म्हटलं ते यापेक्षा फार वेगळं नाही. तरी या माणसाचं डोकं असं की त्याच काळात त्याला भीती वाटायची, सप्तकात सूर मोजकेच, एक दिवस सगळ्या चाली संपून जातील!

पुढं १८६१ मध्ये त्यानं मांडलं की सुखांमध्ये नुसता कमी-जास्तपणा नसतो, दर्जा पण असतो, आणि दर्जा कोण ठरवणार तर ज्यानं दोन्ही सुखं चाखलीत तो. इथं घरच्यांना उत्तर आहे तुझ्याकडे, पण जपून वापर. कारण मिलचा हा पंच नेहमी शिकलेला, पुस्तकवाला निघतो आणि खेड्यातल्या माणसाची आवड आपोआप खालच्या दर्जाची ठरते. मी म्हणते, नियम मिलचाच लावा. चंद्रपूर-गडचिरोलीतला माणूस टीव्ही बघतो, सिनेमा बघतो, रील तर खिशातच आहेत, आणि तरी डिसेंबरच्या थंडीत घोंगडं पांघरून, तिकीट काढून, रात्रभर नाटकाला बसतो. दोन्ही चाखलेला पंच अजून कुठला पाहिजे? त्याच झाडीपट्टीतले परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, पण प्रेक्षकांनी निकाल त्याच्या कितीतरी आधी दिला होता.

रील वाईट असं मी म्हणत नाही. एक तास रील बघितल्यावर त्यातलं काय आठवतं एवढं स्वतःला विचार, बाकी तूच पंच.

प्रश्न : कलेचा उपयोग काय, यावर मराठीत कोणी वाद घातला का?

उत्तर : घातला की, कलेसाठी कला म्हणणारे ना. सी. फडके आणि जीवनासाठी कला म्हणणारे वि. स. खांडेकर, परीक्षेला हमखास येतं. मला त्यापेक्षा गोपाळ गणेश आगरकर वाचावेसे वाटतात. शाळा आपल्या अकोल्यात झालेली, मिल आणि हर्बर्ट स्पेन्सर हे इंग्रज विचारवंत वाचून घडलेला माणूस, प्रत्येक रूढीला याचा उपयोग काय विचारणारा, आणि त्यानंच शेक्सपियरच्या हॅम्लेटचं मराठी केलं, 'विकारविलसित', १८८३. त्याचा उपयोग काय, हे त्यांना कोणी विचारलं असेल का कोण जाणे. तालुक्याच्या वाचनालयात मिळालं तर प्रस्तावनेपासून वाचा, भाषा जुनी आहे, पहिली काही पानं जड जातील.